शंभर वेळा हरूनही पुन्हा का खेळावेसे वाटते?

व्याकरणाच्या तासाला तुम्ही तीन पुरुष शिकला आहात. ‘मी’ हा प्रथमपुरुष, ‘तू’ हा द्वितीयपुरुष आणि ‘तो’ हा तृतीयपुरुष. व्हिडिओ गेममध्येही असे पुरुष असतात, हे मात्र पुष्कळांच्या ध्यानात येत नाही. पडद्यावर एक छोटी आकृती धावते आहे आणि आपण तिला बाहेरून चालवतो आहोत, असा खेळ झाला तृतीयपुरुषी. ह्याउलट, पडदा म्हणजे जणू आपलेच डोळे, अशी योजना ज्या खेळात असते तो प्रथमपुरुषी खेळ. त्यात स्वतःचे शरीर दिसत नाही. पुढे धरलेले हात किंवा हातातले शस्त्र तेवढे दिसते. समोरून येणारा आगीचा गोळा पडद्यावरच्या कोणा आकृतीवर येत नाही, तो ‘माझ्यावर’ येतो.

अशा खेळांच्या अगदी आरंभीच्या नमुन्यांपैकी एक, ‘मेझ वॉर’, १९७३ साली अमेरिकेत नासाच्या एम्स संशोधन केंद्रात शिकाऊ म्हणून काम करणाऱ्या शाळकरी मुलांनी तयार केला. पुढे वीस वर्षांनी, १० डिसेंबर १९९३ रोजी, टेक्सासमधील ‘इड सॉफ्टवेअर’ ह्या छोट्या कंपनीने ‘डूम’ हा खेळ प्रसिद्ध केला आणि ह्या प्रकाराला जगभर लोकप्रियता मिळाली. जॉन कार्मॅक आणि जॉन रोमेरो हे त्याचे प्रमुख कर्ते.

डूममध्ये काठिण्याच्या पाच पायऱ्या आहेत. पाचवीचे नाव ‘नाइटमेअर’, म्हणजे दुःस्वप्न. ती निवडली की खेळ आधी बजावतो, की ही पायरी मुळीच न्याय्य नाही. तरी खेळायचे आहे का? ‘हो’ म्हटले तरच खेळ सुरू होतो. येथे राक्षसांचा वेग वाढलेला असतो, त्यांचे गोळे अधिक वेगाने येतात आणि मारलेला राक्षस बारा सेकंदांनंतर केव्हाही पुन्हा उठून उभा राहू शकतो. एवढे असूनही तीच पायरी निवडणारे खेळाडू निघाले. आजही निघतात. २०१६ व २०२० साली आलेल्या ह्याच मालिकेतील खेळांत तर आणखी एक कडक पायरी आहे. तिच्यात साऱ्या खेळाला मिळून एकच जीव मिळतो. शेवटच्या दालनात मेलात तरी पहिल्या दालनापासून आरंभ करायचा!

आता एक प्रश्न मनात येतो. जो मुलगा अशा खेळात शंभर वेळा हरूनही एकशे एकाव्यांदा बाह्या सरसावून बसतो, तोच मुलगा बीजगणिताची तीन उदाहरणे चुकली की वही मिटवून का टाकतो? तो आळशी आहे, असे म्हणून हा प्रश्न सुटत नाही, कारण खेळताना तो घाम गाळतोच. ह्याचे उत्तर शोधायचे तर खेळाच्या आत काय चालते ते पाहिले पाहिजे.

पाव सेकंदाचे गणित

प्रथम वेगाचा विचार करू. एखादी गोष्ट दिसल्यापासून हात हलेपर्यंत जो वेळ जातो त्याला प्रतिक्रियाकाल म्हणतात. प्रकाश दृष्टिपटलावर पडतो, तेथून संदेश मज्जातंतूंमार्फत मेंदूकडे जातो, मेंदू त्याचा अर्थ लावतो, निर्णय घेतो आणि स्नायूंना आज्ञा पाठवतो. ह्या प्रवासाला निरोगी तरुण माणसात साधारणपणे ०.२ ते ०.२५ सेकंद लागतात. नेदरलँड्समधील उट्रेक्ट येथील शास्त्रज्ञ फ्रान्सिस्कस डोंडर्स यांनी १८६८ साली ह्या विषयावरील आपले प्रसिद्ध प्रयोग मांडले. एकाच खुणेला एकच उत्तर द्यायचे असेल तर वेळ कमी लागतो, आणि अनेक खुणांतून ओळखून योग्य उत्तर निवडायचे असेल तर तो वाढतो, असे त्यांना आढळले.

आता डूममधील आकडे घेऊ. ह्या खेळाचे घड्याळ सेकंदाला ३५ ठोके देते. अंतर मोजण्याचे त्याचे स्वतःचे एकक आहे. त्या मापाने खेळाडू ५६ एकके उंच आणि ३२ एकके रुंद असतो. ‘इम्प’ नावाचा राक्षस आगीचा गोळा फेकतो, त्याचा वेग दर ठोक्याला १० एकके, म्हणजे सेकंदाला ३५० एकके असतो. नाइटमेअर पायरीवर तो दर ठोक्याला २०, म्हणजे सेकंदाला ७०० एकके होतो.

गोळा चुकवायचा तर खेळाडूने बाजूला किती सरकावे? खेळाडूची अर्धी रुंदी १६ एकके आणि गोळ्याची ६ एकके, मिळून २२ एकके. उभ्या जागेवरून धावण्याची कळ दाबून आडवे सरकल्यास २२ एककांना सुमारे ६ ठोके, म्हणजे ०.१७ सेकंद लागतात. त्यात प्रतिक्रियाकाल ०.२५ सेकंद मिळवा. एकूण ०.४२ सेकंद झाले. एवढ्या वेळात गोळा किती पुढे येतो?

साध्या पायरीवर: ३५० × ०.४२ = १४७ एकके.
नाइटमेअर पायरीवर: ७०० × ०.४२ = २९४ एकके.

म्हणजे साध्या पायरीवर राक्षस १४७ एककांहून दूर असेल तर त्याने गोळा सोडलेला पाहूनही तो चुकवता येतो. नाइटमेअर पायरीवर हेच अंतर २९४ एकके, म्हणजे खेळाडूच्या रुंदीच्या नऊपट होते. एखाद्या खोलीत चार-पाच इम्प असले तर त्यांतला एखादा तरी ह्या हद्दीच्या आत असणारच. त्याने सोडलेला गोळा ‘पाहून मग हलू’ म्हणणाऱ्याला चुकवता येणार नाही. मग लोक ही पायरी पार करतात तरी कशी?

पाहून नव्हे, ओळखून

पुष्कळांचा समज असा असतो, की असे खेळ जिंकणाऱ्यांचे हात विजेसारखे चालतात. पण वरचे गणित पुन्हा पाहा. ०.४२ सेकंदांतील मोठा वाटा प्रतिक्रियाकालाचा आहे, आणि तो सरावाने थोडासाच कमी होतो. ०.२५ चा ०.२२ झाला तरी फारसा फरक पडत नाही. फरक पडतो तो दुसऱ्याच गोष्टीने.

इम्प गोळा सोडतो तो खेळाडू त्या क्षणी जेथे असेल त्या जागेच्या रोखाने. खेळाडू पुढे कोठे जाईल ह्याचा अंदाज तो घेत नाही. हे एकदा ध्यानात आले, की खेळाडू एक नियम शिकतो: कधीच थांबायचे नाही. जो आधीपासूनच आडवा धावतो आहे त्याला २२ एकके ओलांडण्यास केवळ २ ठोके, म्हणजे ०.०६ सेकंद लागतात. शिवाय तो गोळा पाहून हलत नसल्यामुळे प्रतिक्रियाकालाचे ०.२५ सेकंदही वाचतात. ७०० × ०.०६ = ४२. हद्द २९४ एककांवरून ४२ एककांवर आली! येथे हाताचा वेग वाढलेला नाही. वाढले आहे ते ज्ञान.

क्रिकेटमध्ये नेमके हेच घडते. ताशी १४० किलोमीटर, म्हणजे सेकंदाला सुमारे ३९ मीटर वेगाने टाकलेला चेंडू फलंदाजापर्यंतचे सुमारे १८ मीटर अंतर जेमतेम अर्ध्या सेकंदात कापतो. तेवढ्यात पाहायचे, ठरवायचे आणि बॅट फिरवायची! मायकेल लँड आणि पीटर मॅक्लाउड ह्या ब्रिटिश शास्त्रज्ञांनी फलंदाजाच्या डोक्यावर छोटा कॅमेरा बसवून त्याची नजर कोठे जाते ते तपासले. २००० साली प्रसिद्ध झालेल्या त्यांच्या निष्कर्षानुसार, फलंदाज चेंडूचा सतत पाठलाग करत नाही. चेंडू सुटताना तो पाहतो आणि लगेच नजर पुढे, चेंडू जेथे टप्पा घेणार त्या जागी नेऊन ठेवतो. चांगला फलंदाज हे अधिक लवकर करतो. म्हणजे त्याच्या डोळ्यांत चेंडूच्या मार्गाचा अंदाज आधीच तयार असतो.

बुद्धिबळात तर घाई नसते, पण तेथेही कौशल्याचे मूळ असेच आहे. १९७३ साली विल्यम चेस आणि हर्बर्ट सायमन यांनी खेळाडूंना पटावरील मांडणी पाच सेकंद दाखवून ती आठवून मांडायला सांगितली. खऱ्या डावातील मांडणी निष्णात खेळाडूंनी नवख्यांपेक्षा कितीतरी चांगली मांडली. परंतु तीच मोहरी वाटेल तशी विखरून ठेवली, तेव्हा त्यांचे हे वर्चस्व जवळजवळ नाहीसे झाले. निष्णात खेळाडूची स्मरणशक्ती जगावेगळी नव्हती. त्याला अर्थपूर्ण रचना ओळखता येत होत्या, एवढेच.

प्रथमपुरुषी वेगवान खेळाचा खेळाडू हेच करत असतो. नवख्याला खोलीत वीस हलत्या वस्तू दिसतात. सरावलेल्याला ‘डावीकडे दोन गोळेफेके, मागे एक धावणारा, उजवा कोपरा मोकळा’ अशी एकच रचना दिसते.

चूक कोणाची?

पण केवळ शिकता येते म्हणून कोणी शंभर वेळा हरायला तयार होईल का? नाही. त्यासाठी आणखी एक अट आहे. हरल्यावर ‘चूक माझी होती, आणि कोणती ते मला कळले’ असे वाटले पाहिजे.

ह्या दृष्टीने डूमच्या आतील रचना मोठी मनोरंजक आहे. राक्षस कधी कोठे वळेल, गोळीने किती इजा होईल, ह्यांसाठी लागणारे ‘यादृच्छिक’ आकडे हा खेळ खरोखर सोडत काढून घेत नाही. त्याच्याकडे २५६ आकड्यांची एक ठरलेली यादी आहे. ती तो क्रमाने वाचतो, आणि संपली की पुन्हा आरंभापासून वाचतो. त्यामुळे त्याच ठोक्याला त्याच कळा दाबल्या, तर निकाल अगदी तोच येतो. ह्या गुणाचा उपयोग करून खेळाचे ध्वनिमुद्रणासारखे मुद्रणही करता येते. त्यात चित्रे साठवावी लागत नाहीत. एकट्या खेळाडूच्या मुद्रणात दर ठोक्याला फक्त ४ बाइट, म्हणजे सेकंदाला १४० बाइट पुरतात. कोणत्या ठोक्याला खेळाडूने काय केले एवढेच त्यात लिहिलेले असते. बाकीचा सारा प्रसंग संगणक त्यावरून पुन्हा उभा करतो.

२०१६ साली निघालेला ‘डेव्हिल डॅगर्स’ हा खेळ ह्याहून साधा आणि ह्याहून कठोर आहे. अंधारात एकच चौथरा. शत्रूचा एक स्पर्श झाला की खेळ संपला. शत्रू येण्याचा क्रम आणि त्यांच्या वेळा मात्र दर खेपेस ठरलेल्या असतात. ५०० सेकंद टिकून राहणे ही मोठी कामगिरी. मेल्यावर तुम्ही किती सेकंद टिकलात तो आकडा समोर येतो, आणि एक कळ दाबली की लगेच नवा डाव सुरू होतो. इतर खेळाडूंचे डावही पाहता येतात. ‘पुढच्यास ठेच, मागचा शहाणा’ ही म्हण येथे अक्षरशः लागू पडते.

ह्या रचनेत चार गोष्टी ध्यानात घेण्यासारख्या आहेत. नियम बदलत नाहीत. चुकीचे फळ त्याच क्षणी मिळते. पुन्हा प्रयत्न करायला काही सेकंदच लागतात. आणि प्रगती आकड्यात दिसते: काल ४१ सेकंद, आज ४८. आपल्या कृतीचा परिणाम आपल्यालाच परत कळणे ह्याला शिक्षणशास्त्रात प्रत्याभरण म्हणतात. प्रत्याभरण जितके लवकर आणि जितके स्पष्ट, तितके शिकणे सोपे. हे खेळ अवघड आहेत हे खरे, पण शिकायला ते फार सोयीचे आहेत. बेभरवशाचा अवघड खेळ लोक दोनदा खेळतात आणि सोडून देतात.

मेंदूत काय घडते?

यश मिळाले की आनंद होतो, हे सांगायला शास्त्रज्ञ नको. परंतु हा आनंद नेमका केव्हा होतो, हे शोधताना एक विलक्षण गोष्ट हाती आली. वोल्फ्राम शुल्ट्झ यांनी माकडांच्या मेंदूतील डोपामीन ह्या रसायनावर चालणाऱ्या मज्जापेशींचा अभ्यास केला. माकडाला अनपेक्षितपणे फळाच्या रसाचा थेंब मिळाला की ह्या पेशी जोराने संदेश देत. रसाआधी नेहमी एक खूण दाखवली जाऊ लागली, तेव्हा काही दिवसांनी पेशी खुणेलाच प्रतिसाद देऊ लागल्या. प्रत्यक्ष रस मिळाला तेव्हा त्या जणू उदासीन राहिल्या. आणि खूण दाखवूनही रस दिला नाही, तर नेमक्या त्या वेळी त्यांचे संदेश मंदावले. शुल्ट्झ, पीटर डायन आणि रीड माँटेग्यू यांनी १९९७ साली ह्याचा अर्थ असा लावला, की ह्या पेशी अपेक्षा आणि प्रत्यक्ष ह्यांतील फरक मोजतात.

पुढच्याच वर्षी लंडनमधील संशोधकांनी, माणूस व्हिडिओ गेम खेळत असताना त्याच्या मेंदूत डोपामीन स्रवते, हे विशेष चित्रणाच्या साहाय्याने दाखवले.

आता हे आपल्या प्रश्नाला लावून पाहू. सोप्या खेळात यश अपेक्षितच असते. अपेक्षा आणि प्रत्यक्ष ह्यांत फरक नाही, म्हणून थोड्या वेळाने कंटाळा येतो. केवळ अशक्य खेळात अपयश अपेक्षित असते आणि तेच पदरी पडते; तेथेही शिकण्यासारखे काही उरत नाही. पण ‘बहुधा मरेन, तरी ह्या वेळी कदाचित जमेल’ अशा सीमेवरच्या खेळात प्रत्येक डाव एक नवी बातमी देतो. दहा वेळा जेथे मेलो ती खोली अकराव्या वेळी पार झाली, की अपेक्षेहून जास्त मिळते. सहज मिळालेल्या शंभर विजयांनी असा आनंद होत नाही.

मिहाय चिकसेंटमिहाय ह्या हंगेरियन वंशाच्या अमेरिकी मानसशास्त्रज्ञाने १९७५ साली हीच गोष्ट वेगळ्या वाटेने मांडली. गिर्यारोहक, बुद्धिबळपटू, नर्तक, शल्यचिकित्सक अशा लोकांशी बोलून, माणूस कामात रंगून देहभान केव्हा विसरतो ते त्यांनी तपासले. त्यांच्या आलेखात आडव्या अक्षावर कौशल्य आणि उभ्या अक्षावर आव्हान आहे. आव्हान कौशल्याहून फार मोठे झाले तर चिंता, फार लहान झाले तर कंटाळा. मधल्या तिरप्या पट्ट्यात तल्लीनता. कौशल्य वाढत गेले, की त्या पट्ट्यात राहण्यासाठी आव्हानही वाढवावे लागते. खेळाच्या पाच पायऱ्या त्यासाठीच असतात. नाइटमेअर ही पायरी नवख्यासाठी नाहीच. चौथी पायरी ज्याला फिकी वाटू लागली त्याच्यासाठी ती आहे.

लाभ किती, धोका किती?

अशा खेळांनी बुद्धी वाढते काय? २००३ साली अमेरिकेतील रॉचेस्टर विद्यापीठात शॉन ग्रीन आणि डॅफ्नी बॅव्हेलिए यांनी पूर्वी असे खेळ न खेळलेल्या व्यक्तींना दहा दिवस रोज एक तास खेळायला लावले. एका गटाला प्रथमपुरुषी युद्धाचा खेळ आणि दुसऱ्या गटाला ‘टेट्रिस’ दिला. अनेक वस्तूंकडे एकाच वेळी लक्ष देण्याच्या चाचण्यांत पहिल्या गटाची अधिक प्रगती झाली. मात्र २०११ साली वॉल्टर बूट व त्यांचे सहकारी यांनी अशा प्रयोगांच्या पद्धतीवर शंका घेतल्या. कोणत्या गटाने कोणती अपेक्षा मनात धरून चाचणी दिली ह्याचाही परिणाम होतो, असे त्यांचे म्हणणे होते. तेव्हा ‘नजरेचे लक्ष सुधारू शकते’ एवढेच जपून म्हणता येईल. गोळा चुकवण्यात तरबेज झालेला मुलगा त्यामुळे भूमितीत हुशार होतो, असे मानण्यास आधार नाही.

धोकाही नीट समजून घेतला पाहिजे. जी रचना शिकायला मदत करते तीच उठू देत नाही. हरल्यानंतर एका सेकंदात नवा डाव सुरू होतो, म्हणून ‘आता पुरे’ म्हणण्यासाठी मधे जागाच राहत नाही. रात्री दहाचे बारा केव्हा वाजले ते कळत नाही. झोप कमी झाली की दुसऱ्या दिवशी लक्षही लागत नाही आणि शिकलेले पक्केही होत नाही. जागतिक आरोग्य संघटनेने २०१९ साली स्वीकारलेल्या आणि १ जानेवारी २०२२ पासून अमलात आलेल्या रोगांच्या वर्गीकरणात खेळाच्या विकाराचा समावेश केला आहे. खेळण्यावर ताबा न राहणे, इतर सर्व गोष्टींपेक्षा खेळ मोठा वाटू लागणे आणि नुकसान दिसत असूनही खेळत राहणे ही त्याची लक्षणे. ती साधारणपणे बारा महिने टिकली आणि जीवनातील महत्त्वाच्या व्यवहारांत मोठा अडथळा आला, तरच त्याला विकार म्हणतात. पुष्कळ खेळणारा प्रत्येक मुलगा आजारी असतो असे नव्हे. पण स्वतःच्या इच्छेने थांबता येते की नाही, हे ज्याचे त्याने तपासून पाहावे.

आणखी एक गोष्ट. ह्यांतील बहुतेक खेळांत रक्तपात भडकपणे दाखवलेला असतो. अमेरिकेत १९९४ साली खेळांना वयोगट ठरवून देणारे मंडळ स्थापन झाले. डूम मालिकेतील अलीकडचे खेळ १७ वर्षांखालील मुलांसाठी नाहीत, असे त्या मंडळाने ठरवले आहे. तुमच्यापैकी बहुतेकांचे वय त्याहून कमी आहे, हे विसरू नका. ह्या खेळांमागील विज्ञान समजून घ्यायला ते खेळावे लागत नाहीत.

वही का मिटते?

आता मूळ प्रश्नाकडे येऊ. बीजगणिताचे उदाहरण चुकले तर काय होते? वही शिक्षकांकडे जाते आणि आठ दिवसांनी लाल फुली घेऊन परत येते. तोवर ते उदाहरण सोडवताना मनात काय चालले होते ते आपण विसरलेलो असतो. फुली दिसते, पण कोणत्या पायरीवर चूक झाली ते दिसत नाही. पुन्हा प्रयत्न केला तर गुण बदलत नाहीत. आणि चाळीस जणांना एकाच काठिण्याची उदाहरणे दिलेली असतात. त्यांतल्या दहांना ती कंटाळवाणी वाटतात आणि दहांना ती चिंतेत टाकतात. तोच मुलगा, तोच मेंदू. पण खेळात ज्या चार सोयी होत्या त्यांतली एकही येथे नाही.

ह्या सोयी वहीत आणता येतात. त्यासाठी संगणक नको. एका वेळी एकच उदाहरण सोडवा आणि उत्तर लगेच मूळ समीकरणात घालून ताडून पाहा. हे झाले तत्काळ प्रत्याभरण. चुकले तर खोडू नका. चुकीच्या पायरीभोवती वर्तुळ काढा आणि शेजारी कारण लिहा: ‘चिन्ह बदलायचे राहिले’, ‘कंस सोडवताना गुणाकार अर्धाच केला’. महिन्याभराने ही कारणे मोजलीत तर असे दिसेल, की आपल्या बहुतेक चुका दोन-तीन प्रकारांच्याच आहेत. म्हणजे शत्रू कोठून येतो ते कळले! तेच उदाहरण दुसऱ्या दिवशी पुन्हा सोडवा. दहा उदाहरणांतील आठ सहज सुटू लागली, की वरच्या पायरीची घ्या.

शिक्षकांनीही ह्याचा विचार करावा. एकाच धड्यावर तीन पायऱ्यांची उदाहरणे देऊन कोणती घ्यायची ते मुलांना ठरवू द्यावे. चाचणीनंतर उत्तरे त्याच तासाला फळ्यावर सोडवावीत. आणि चूक शोधून दुरुस्त करणाऱ्यालाही थोडे गुण ठेवावेत. अवघड गोष्टीला मुले घाबरतात असे आपण सहज म्हणतो. नाइटमेअर पायरीवर आपणहून जाणाऱ्यांकडे पाहता ते खरे दिसत नाही. हरल्यावर काय चुकले ते कळले नाही, तर मात्र कोणीही घाबरेल.

करून पाहा

साहित्य: ३० सेंटिमीटरची पट्टी, एक मित्र, कागद व पेन्सिल.

१. मित्राने पट्टी वरच्या टोकाला धरून लोंबती ठेवावी. तुम्ही अंगठा आणि तर्जनी पट्टीच्या शून्याच्या खुणेशी, पट्टीला न लावता, उघडी धरा. मित्राने न सांगता पट्टी सोडावी आणि तुम्ही ती पकडावी. बोटे जेथे मिटली तो आकडा लिहा. असे दहा वेळा करून सरासरी काढा. पडणाऱ्या वस्तूच्या नियमावरून वेळ असा मिळतो:

१० सेंमी – ०.१४ सेकंद
१५ सेंमी – ०.१७ सेकंद
२० सेंमी – ०.२० सेकंद
२५ सेंमी – ०.२३ सेकंद
३० सेंमी – ०.२५ सेकंद

२. आता मित्राने एकसारख्या लयीत ‘एक, दोन, तीन’ म्हणावे आणि ‘तीन’ला पट्टी सोडावी. पुन्हा दहा वेळा करून सरासरी काढा. दोन सरासऱ्यांत किती फरक पडला? तुमचे मज्जातंतू एवढ्यात बदलले का? मग काय बदलले?

३. मित्राने दोन हातांत दोन पट्ट्या धराव्यात आणि त्यांतली कोणतीही एक सोडावी. तुम्ही दोन्ही हात तयार ठेवा, पण जी पट्टी सुटेल तीच पकडा. दुसरा हात मिटला तर ती खेप बाद. वेळ वाढला का? डोंडर्स यांच्या निष्कर्षाशी ताडून पाहा.

विचार करा

१. गोळ्याचा वेग सेकंदाला १,०५० एकके केला, तर उभा असलेला खेळाडू किती अंतरापलीकडचा गोळा पाहून चुकवू शकेल?

२. डूममधील २५६ आकड्यांची यादी काढून टाकून दर वेळी खरोखर सोडत काढली, तर खेळाचे मुद्रण करण्याच्या पद्धतीत काय अडचण येईल?

३. तुमच्या आवडीच्या एखाद्या मैदानी खेळात, गाण्यात किंवा हस्तकलेत चुकीचे प्रत्याभरण किती वेळाने मिळते? ते लवकर मिळावे म्हणून काय करता येईल?